लाल कार्ड कोणाच्या हातात होतं?

प्रति,
संरक्षणविषयक स्थायी समितीचे सर्व सदस्य,
नेदरलँड्स संसद, कनिष्ठ सभागृह,
द हेग

महोदय आणि महोदया,

हे पत्र डच भाषेत तुमच्या समितीकडे मी आधीच पाठवलं आहे. तेच इथे मराठीत जाहीरपणे मांडते आहे. अनेक देशांची लढाऊ विमानं एका केंद्राच्या आदेशानं बॉम्ब टाकतात, तेव्हा जबाबदारी कोणाची, हा त्याचा विषय. अ‍ॅम्स्टलव्हेन, आइंडहोव्हन, द हेग अशा गावांत माझ्यासारखी बरीच मराठी माणसं राहतात. इथे कर भरतात, आणि ज्यांनी नागरिकत्व घेतलं ते निवडणुकीला लाल पेन्सिलीनं मतही देतात. त्यांच्यापैकी फार थोड्यांनी हा विषय आपला मानला असेल. बरीच वर्षं मीही मानला नव्हता.

मी मूळची पुण्याची. २००९ साली नोकरीसाठी इथे आले आणि राहिले. पुढे डच नागरिकत्व घेतलं, तेव्हा भारतीय पासपोर्ट परत करावा लागला. खिडकीतून तो आत सरकवताना हात जड झाला होता. संध्याकाळी वडिलांना फोन केला. ते थोडा वेळ गप्प राहिले आणि म्हणाले, "आता त्या देशाचं जे काही बरंवाईट असेल, ते तुझंही."

वडील हवाई दलात होते, रडारवर. विमानं उडवणारे वेगळे आणि अंधाऱ्या खोलीत पडद्यासमोर बसून त्यांना वाट दाखवणारे वेगळे, हे मला लहानपणीच कळलं. त्या खोलीतलं ते फारसं काही सांगत नसत. एका वहीबद्दल मात्र नेहमी सांगत. कोणता आदेश किती वाजता आला, कोणी दिला, कोणी घेतला, पुढे कोणाला कळवला, आणि ओळीच्या शेवटी आद्याक्षरं. खाडाखोड चालत नसे. चुकलं तर एकच आडवी रेघ आणि शेजारी सही. निवृत्तीनंतर ते दुधाचा हिशेबही तसाच लिहीत. इराकमधल्या हविजावर डच विमानांनी केलेल्या हल्ल्याबद्दल पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला ती वही आठवली, आणि तेव्हापासून एकच प्रश्न मनात आहे. अनेक देशांच्या विमानांना एका खोलीतून आदेश जातात, तेव्हा त्या ओळीच्या शेवटी आद्याक्षरं कोणाची असतात?

हविजाची हकीकत तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त माहीत आहे. तरीही लिहिते, कारण मराठी वाचकांपैकी अनेकांनी हे नावही ऐकलेलं नसेल. २ आणि ३ जून २०१५ च्या मधल्या रात्री डच हवाई दलाच्या दोन एफ-१६ विमानांनी इराकच्या किर्कुक प्रांतातल्या हविजा शहरात आयसिसच्या बॉम्बच्या कारखान्यावर हल्ला केला. गाड्यांमध्ये स्फोटकं भरून त्या माणसांच्या गर्दीत घुसवायच्या, त्या गाड्या तिथे तयार होत. लक्ष्य खरं होतं, याबद्दल वाद नाही. वस्तीत कमीत कमी माणसं असावीत म्हणून वेळही रात्रीची निवडली होती. पण आत साठवलेली स्फोटकं एकदम उडाली. ती सुमारे १८,००० किलो असावीत असा अंदाज आहे. कारखान्याबरोबर भोवतालची घरंही गेली. नकाशावर औद्योगिक पट्टा म्हणून दिसणाऱ्या त्या भागात दुसऱ्या शहरांतून जीव वाचवून आलेली कुटुंबं आसरा घेऊन राहत होती. मृतांचा आकडा सुरुवातीला किमान ७० असा आला. त्यांत लढवय्ये किती आणि नागरिक किती हे ठरवता येत नाही, असं डच संरक्षण मंत्रालयाचं म्हणणं होतं. पुढे पॅक्स ही इथली शांतता संघटना, उट्रेख्त विद्यापीठातले संशोधक आणि एक इराकी संस्था यांनी हविजात जाऊन माणसांशी बोलून २०२२ मध्ये अहवाल काढला. त्यांनी मोजलेले मृत नागरिक किमान ८५ होते.

हा हल्ला आपल्या विमानांनी केला हे तुमच्या सभागृहाला कधी कळलं? ऑक्टोबर २०१९ मध्ये एनओएस ही सार्वजनिक वृत्तसंस्था आणि एनआरसी हे दैनिक यांच्या पत्रकारांनी ते उघड केलं. नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्यात तेव्हाच्या संरक्षणमंत्री अंक बेइलेव्हेल्ड यांनी ते मान्य केलं. म्हणजे चार वर्षं आणि चार महिने. हल्ल्यात नागरिक मेल्याची शक्यता विश्वसनीय आहे, असं अमेरिकी लष्करानं डच मंत्रालयाला जून २०१५ मध्येच कळवलं होतं. त्याच महिन्यात तेव्हाच्या मंत्री जनीन हेनिस-प्लासखार्ट यांनी तुमच्या सभागृहाला उत्तर दिलं होतं की, आजपर्यंतच्या माहितीनुसार डच कारवाईत नागरिकांचा बळी गेलेला नाही. त्या उत्तराची प्रत मी आजही मधूनमधून उघडून वाचते. मी तेव्हा डच नागरिक नव्हते, पण त्या विमानांच्या इंधनात माझ्या पगारातून कापलेला कर होता.

मंत्र्यांनी सभागृहापासून सत्य लपवलं, यावर तुमच्याकडे चर्चा झाली, अविश्वासाचा ठराव आला आणि फेटाळला गेला. मला त्याच्याही मागे जायचं आहे, जिथून विमानांना आदेश जातात तिथे, कतारमध्ये दोहाच्या नैऋत्येला असलेल्या अल उदेद तळावरच्या मोठ्या दालनात.

तिथलं अमेरिकेच्या नेतृत्वाखालचं संयुक्त हवाई संचालन केंद्र २००३ मध्ये सौदी अरेबियातून कतारला आलं. भिंतभर पडदे, टेबलांच्या रांगा आणि वेगवेगळ्या देशांच्या गणवेशातली माणसं. रोज एक लांबलचक आदेशपत्रक निघतं, एअर टास्किंग ऑर्डर. कोणत्या देशाचं कोणतं विमान कोणत्या तळावरून किती वाजता निघेल, किती उंचीवर राहील, हवेत इंधन कोणाकडून घेईल, कोणाशी कोणत्या नावानं बोलेल, हे सगळं त्यात असतं. एका दिवसाचं पत्रक तयार व्हायला साधारण तीन दिवस लागतात. त्यामुळे आजचं पत्रक हवेत असतं तेव्हा उद्याच्या पत्रकावर हात फिरत असतो आणि परवाची लक्ष्यं निवडली जात असतात. मी या व्यवस्थेच्या विरोधात नाही. दहा-बारा देशांची विमानं एकाच आकाशात एका हाताखाली नसतील, तर ती एकमेकांवर आदळतील किंवा आपल्याच सैनिकांवर बॉम्ब टाकतील. वडिलांनाही हे मान्य होतं. आकाशाला दोन मालक चालत नाहीत असं ते म्हणायचे.

पण प्रत्येक देशानं या केंद्रात आपला एक अधिकारी बसवायचा असतो. तिथल्या बोलीत त्याला रेड कार्ड होल्डर म्हणतात. आपल्या विमानांना दिलेलं लक्ष्य आपल्या देशाच्या कायद्यात किंवा नियमांत बसत नसेल, तर त्यानं लाल कार्ड दाखवायचं आणि मग ते काम दुसऱ्या कोणाला द्यायचं. कागदावर हे फार चांगलं दिसतं. नेदरलँड्सचं सार्वभौमत्व त्या एका माणसाच्या खिशात असतं.

आता त्या माणसाच्या खुर्चीत क्षणभर बसून पाहा. लक्ष्य शोधलं अमेरिकेनं. त्याची छायाचित्रं, ऐकलेली संभाषणं, खबऱ्यांची माहिती हे सगळं अमेरिकेकडे. आसपास किती हानी होईल याचा हिशेब अमेरिकी पद्धतीनं, आणि त्या पद्धतीत बॉम्बच्या स्वतःच्या स्फोटाचा अंदाज असतो. आत काय साठवलंय आणि ते उडालं तर काय होईल, याचा नीट हिशेब तिला जमत नाही. आपल्या अधिकाऱ्यासमोर तयार फाइल येते. होकार द्यायला त्यात जेवढं लागतं तेवढं असतं. नकार द्यायला जे लागतं, ते बहुधा दुसऱ्याच कोणाच्या कपाटात असतं. माजी न्यायमंत्री विनी सॉर्खद्राखर यांच्या आयोगानं जानेवारी २०२५ मध्ये हविजावरचा अहवाल दिला. नेदरलँड्स माहितीसाठी अमेरिकेवर फार अवलंबून होतं आणि स्वतः पुरेसं तपासू शकत नव्हतं, हा त्यातला निष्कर्ष तुम्ही वाचलाच आहे. म्हणजे आपल्या माणसाच्या खिशात लाल कार्ड होतं, आणि ते केव्हा काढायचं हे ठरवायला लागणारी नजर मात्र आपण त्याला दिली नव्हती.

त्या अधिकाऱ्याला दोष द्यायला मी हे लिहीत नाही. त्याला तिथे कोणी पाठवलं आणि काय देऊन पाठवलं, ते विचारते आहे. पाठवलं सरकारनं, आणि सैन्य परदेशी मोहिमेवर पाठवण्याआधी संसदेला कळवायला लावणाऱ्या राज्यघटनेच्या कलम १०० प्रमाणे सरकारचं पत्र तुमच्यासमोर आलं, तुम्ही चर्चा केली आणि मोहीम पुढे गेली.

विमानं एका देशाची, माहिती दुसऱ्या देशाची, तळ तिसऱ्या देशात आणि आदेश चौथ्या देशातून, अशी मांडणी झाली की जबाबदारी त्या खोलीतून हवेसारखी निसटते. हविजा हे त्याचं एकमेव उदाहरण नाही. मे २०१७ मध्ये बाहेर आलं की आयसिसविरोधी आघाडीतल्या अमेरिकेच्या मित्रदेशांच्या हल्ल्यांत किमान ८० नागरिक मारले गेल्याचं अमेरिकी बाजूला मान्य आहे. पत्रकारांनी मग एकेका देशाला विचारलं. एकानंही ते मृत्यू आपले म्हणून मान्य केले नाहीत. ८० माणसं मेली, आणि मारणारा देश कोणताच नाही! हविजा तेव्हा दोन वर्षं जुनी घटना होती आणि आपलं मंत्रालय गप्प होतं.

त्याआधी लिबिया. ३१ मार्च २०११ पासून ती मोहीम नाटोच्या हाती होती आणि विमानांचं संचालन इटलीतल्या पोज्जो रेनाटिको इथल्या केंद्रातून होत होतं. संयुक्त राष्ट्रांच्या चौकशी आयोगानं मार्च २०१२ मध्ये ६० नागरिकांच्या मृत्यूंची नोंद केली. त्यांतले ३४ एकट्या माजेर या गावात, ऑगस्टमधल्या एका रात्री. कोणत्या देशाच्या विमानानं, हे नाटोनं सांगितलं नाही. ज्यांचं घर पडलं त्यांनी नाटोला विचारलं तर देशांकडे बोट, देशांना विचारलं तर नाटोकडे. सुरमान गावात ज्याचं कुटुंब गेलं, असा एक माणूस बेल्जियमच्या न्यायालयात गेला, तेव्हा नाटोला कायद्याचं संरक्षण आहे असं सांगून दार बंद झालं. आणि मग जानेवारी २०२४ मध्ये डेन्मार्कच्या लष्कराची कागदपत्रं उघड झाली. सुरमान आणि सिर्त इथल्या ज्या हल्ल्यांत मिळून १४ नागरिक गेले, त्यांत डॅनिश विमानं होती हे तिथल्या हवाई दलाला बऱ्याच आधीपासून माहीत होतं. बारा वर्षं तो माणूस चुकीच्या दारावर थापा मारत होता आणि बरोबर दार कोणतं ते आतल्या लोकांना ठाऊक होतं.

आपल्या देशाला याची दुसरी बाजूही माहीत आहे, आणि ती हविजापेक्षा वीस वर्षं जुनी आहे. बोस्नियातल्या स्रेब्रेनित्साच्या हत्याकांडाबद्दल डच माणसांशी बोलताना मी आजही जपून बोलते, कारण समोरच्याचा चेहरा बदलतो. पण या विषयात ते टाळता येणार नाही.

बोस्नियावरच्या आकाशाचा ताबा नाटोकडे होता आणि विमानांचं संचालन इटलीतल्या विचेन्त्सा इथून होत होतं. जमिनीवर संयुक्त राष्ट्रांची शांतिसेना. (मराठी वाचकांसाठी सांगते, या शांतिसेनेचे पहिले सेनापती मराठा लाइट इन्फंट्रीचे लेफ्टनंट जनरल सतीश नंबियार होते, मार्च १९९३ मध्ये ते परतले आणि पुढचं सगळं त्यांच्यानंतरचं आहे.) १९९३ मध्ये ठरलं की बॉम्ब टाकायला दोन किल्ल्या लागतील, एक संयुक्त राष्ट्रांची, एक नाटोची. दोन्ही फिरल्या तरच कुलूप उघडेल. घाईनं कोणी युद्ध पेटवू नये, हा हेतू समजण्यासारखा होता. मार्च १९९४ मध्ये बिहाचजवळ फ्रेंच सैनिकांवर मारा होत होता आणि विमान डोक्यावर घिरट्या घालत होतं. परवानगी वरच्या साहेबांपर्यंत जाऊन यायला तासन्‌तास गेले, तोवर तोफा निघून गेल्या होत्या. इशारा तेव्हाच मिळाला होता.

जुलै १९९५ मध्ये सर्ब फौजा चालून आल्या तेव्हा स्रेब्रेनित्सातल्या शांतिसेनेच्या डच तुकडीनं पुन्हा पुन्हा हवाई मदत मागितली. १० जुलैच्या संध्याकाळी शांतिसेनेचे प्रमुख जनरल जॉन्व्हिए यांनी निर्णय लांबवला. ११ तारखेला विमानं पहाटेपासून एड्रियाटिक समुद्रावर थांबली होती. जमिनीवरच्यांना वाटत होतं की ठरलेल्या वेळी हल्ला होणारच आहे, आणि वरच्यांना वाटत होतं की मागणी अजून यायची आहे. इंधन संपत आलं, विमानं इटलीला परतली. दुपारी पावणेतीनच्या सुमारास दोन डच एफ-१६ आली आणि त्यांनी दोन बॉम्ब टाकले. बंदी बनवलेल्या डच सैनिकांना मारू, अशी सर्ब बाजूनं धमकी दिली आणि पुढचे हल्ले थांबले. गाव त्याच दिवशी पडलं. पुढच्या काही दिवसांत ८,००० हून अधिक पुरुष आणि मुलगे मारले गेले. त्या घटनेवरच्या अहवालानंतर २००२ मध्ये तेव्हाचे पंतप्रधान विम कोक यांच्या संपूर्ण मंत्रिमंडळानं राजीनामा दिला. २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं सुमारे ३५० माणसांच्या बाबतीत राज्यावर दहा टक्के जबाबदारी ठेवली.

दहा टक्के. मी कायद्याची जाणकार नाही, न्यायालयानं ते का ठरवलं याची कारणं वाचली आहेत आणि ती मला समजतात. तरी तो आकडा वाचताना मला ती खोली दिसते, जिथे प्रत्येकाच्या वाट्याला थोडं थोडं येतं आणि पूर्ण कोणाच्याच वाट्याला येत नाही. एका ठिकाणी इतक्या किल्ल्या होत्या की मदत पोचली नाही. दुसऱ्या ठिकाणी किल्लीच नावापुरती होती आणि बॉम्ब पोचला. दोन्ही वेळी आकाशात एफ-१६ होती, आणि शेपटीवर खूण आपलीच होती.

हे असंच असतं, बदलत नाही, असं मला कोणी सांगितलं तर मी मान्य करणार नाही. स्रेब्रेनित्सानंतर सातच आठवड्यांनी त्याच विचेन्त्साच्या केंद्रातून नाटोची मोठी मोहीम झाली. तिचे हवाई प्रमुख लेफ्टनंट जनरल मायकल रायन यांनी प्रत्येक बॉम्ब नेमका कुठे पडणार, ती प्रत्येक जागा स्वतः पाहून ठरवली. एक हजाराहून अधिक बॉम्ब पडले आणि नागरिकांची हानी तुलनेनं फार कमी झाली. एका माणसानं त्या ओळीच्या शेवटी आपली आद्याक्षरं घातली होती.

घराजवळचं उदाहरण तर तुमच्याच सभागृहानं मंजूर केलेलं आहे. १ जानेवारी २०१७ पासून नेदरलँड्स, बेल्जियम आणि लक्झेंबर्ग यांच्या आकाशाची राखण डच आणि बेल्जियन लढाऊ विमानं पाळीपाळीनं करतात. अपहरण झालेलं प्रवासी विमान पाडायची वेळ आलीच, तर उडणारं लढाऊ विमान कोणाचंही असो, ते विमान ज्या देशावर असेल त्या देशाचं सरकार निर्णय घेईल. लक्झेंबर्गवर तर प्राणघातक बळ वापरायचंच नाही, असं ठरलेलं आहे. किती स्पष्ट! आपल्या डोक्यावरच्या विमानासाठी नावानिशी उत्तर देणारा माणूस आपण आधीच ठरवून ठेवला. हविजातल्या माणसांच्या डोक्यावरच्या विमानासाठी ठेवला नाही.

देशाचं नाव सांगू नका, कारण शत्रू सूड घेईल, हे कारण तुमच्यासमोर मंत्रालय नेहमी ठेवतं. ते कारण पोकळ नाही. आयसिसच्या हाती लागलेल्या जॉर्डनच्या वैमानिकाला २०१५ च्या सुरुवातीला जिवंत जाळल्याची ध्वनिचित्रफीत जगानं पाहिली, आणि आपली विमानं तेव्हा जॉर्डनमधूनच उडत होती. वैमानिकाचं नाव, त्याचं घर, त्याची मुलं झाकलीच पाहिजेत. पण वैमानिकाला झाकायला घेतलेल्या चादरीखाली मंत्रालय येऊन बसलं, ही माझी तक्रार आहे. नेदरलँड्स बॉम्ब टाकतं हे आयसिसला माहीत होतं, मंत्री स्वतः अभिमानानं सांगत होते. माहीत नव्हतं ते फक्त हविजाच्या लोकांना आणि तुम्हाला.

आणि हे जुनं प्रकरण म्हणून बाजूला ठेवण्याची वेळ नाही. निजमेगेनहून सीमा ओलांडली की थोड्याच अंतरावर जर्मनीतलं उडेम आहे. आल्प्सच्या उत्तरेकडच्या नाटोच्या आकाशाची राखण तिथल्या केंद्रातून चालते. दक्षिणेची स्पेनमधल्या तोरेहोनमधून, आणि आता नॉर्वेत बोडो इथे तिसरं केंद्र सुरू झालं आहे. १० सप्टेंबर २०२५ च्या पहाटे पोलंडमध्ये घुसलेले रशियन ड्रोन पाडण्यात डच एफ-३५ विमानं होती. त्या बातमीनं मलाही अभिमान वाटला, हे मोकळेपणानं सांगते. ही केंद्रं वाढणार, आणि त्यांच्या हाती आपली आणखी विमानं जाणार. त्यांची गरज आहे असं मला वाटतं. म्हणूनच मागते आहे.

कलम १०० चं पुढचं पत्र तुमच्यासमोर येईल, तेव्हा केंद्रात बसणाऱ्या आपल्या अधिकाऱ्याला लक्ष्याची कोणती मूळ माहिती पाहायला मिळेल, हे आधी विचारा. "मित्रदेशांवर विश्वास आहे" हे उत्तर स्वीकारू नका. माहिती मिळणार नसेल, तर वस्तीजवळच्या लक्ष्यांना आपला नकार आधीपासूनच गृहीत धरला जावा, असं लिहून घ्या. त्यानं होकार दिला की नकार, किती वाजता, कोणत्या आधारावर, याची नोंद हेगमध्ये जपली जावी आणि बंद दाराआड का होईना, ती तुमच्या समितीला पाहता यावी. आणि आपल्या हल्ल्यात नागरिक मेल्याची शक्यता विश्वसनीय ठरली, तर काही आठवड्यांच्या आत देशाच्या नावासह ते सभागृहात सांगितलं जावं, मग आघाडीचं धोरण काहीही असो. मुदत किती, ते तुम्ही ठरवा. चार वर्षं चार महिने नको.

हविजाला नेदरलँड्सनं आंतरराष्ट्रीय संस्थांमार्फत ४० लाख युरोंच्या वर मदत दिली, वीज आणि बाजार उभा करण्यासाठी. ती गरजेची होती. पण ज्या बाईचं मूल गेलं, तिला विजेच्या खांबातून आपण काय सांगितलं? तिच्याशी एकेक करून बोलणं अजून शक्य आहे. नावं पॅक्स आणि उट्रेख्तच्या त्या अहवालाच्या कामातून गोळा झालेली आहेत, माणसं तिथेच राहतात.

वडील आता चौऱ्याऐंशी वर्षांचे आहेत. मागच्या महिन्यात मी पुण्याला गेले होते तेव्हा हे सगळं त्यांना सांगितलं. त्यांनी शांतपणे ऐकलं आणि एकच विचारलं, "मग वहीत कोणाची सही होती?" मला उत्तर देता आलं नाही. ते तुमच्याकडून हवं आहे. तुमच्या समितीच्या पुढच्या खुल्या बैठकीला मी प्रेक्षक सज्जात येऊन बसणार आहे.

आपली विश्वासू,
रायस्वाइकची एक मतदार